मदत हवी आहे: २०० सागरी मैलांचा हक्क 'कायदा' नेमका कधी झाला?

नमस्कार मंडळी, एलएलएमच्या सेमिनारला समुद्री कायदा घेतलाय आणि एका जागी गाडी अडलीय. १९४७ मध्ये चिली आणि पेरूने किनाऱ्यापासून २०० मैलांपर्यंतच्या समुद्रावर हक्क सांगितला, तेव्हा तो निव्वळ एकतर्फी दावा होता. आपला सागरी क्षेत्र कायदा १९७६चा, म्हणजे १९८२च्या संयुक्त राष्ट्रांच्या समुद्री कायदा कराराच्याही आधीचा! करार लागू झाला १९९४ला; पण आंतरराष्ट्रीय न्यायालयाने लिबिया-माल्टा खटल्यात १९८५लाच अनन्य आर्थिक क्षेत्र (२०० मैलांपर्यंतचा पट्टा, जिथले मासे, खनिजं वगैरेंवर किनाऱ्याच्या देशाचा हक्क) रूढीने, म्हणजे देशांनी बंधनकारक मानून पाळलेल्या प्रथेतून, कायद्यात आल्याचं म्हटलं. अमेरिका तर करारात नाहीच, तरी १९८३पासून २०० मैल तिचेही. मग दावा कुठे संपतो आणि रूढी कुठे सुरू होते? देश मोजायचे, की इतर देशांचा विरोध मावळल्याचे पुरावे शोधायचे? गाइडने दोन ओळींत उरकलंय, वहीत नुसतं प्रश्नचिन्ह काढून ठेवलंय. कुणी हे शिकवत असेल तर प्लीज समजावा, सेमिनार गुरुवारी आहे.