मेघ गायला की पाऊस पडलाच पाहिजे का?

जनकगंजकर
रविवारी मुरारच्या दादानं इथे आपल्या कादंबरीचा आराखडा टाकला. ग्वाल्हेरच्या किल्ल्यावर गवयांचा गुप्त संप्रदाय आहे. मेघ राग गायला की पाऊस, दीपक गायला की ऊन, हिंडोल गायला की वसंत. राजे धान्य मोजून त्यांच्याकडून पाऊस विकत घेतात. खाली सगळ्यांचं ‘वा वा’. मला राहवलं नाही, म्हणून सविस्तर लिहितोय.

राग म्हणजे नळाची तोटी नव्हे. मियाँ मल्हार हाही पावसाचाच राग; त्याचा आंदोलित, म्हणजे हळू झुलणारा, कोमल गंधार गळ्यात बसायला मला सहा वर्षं लागली आणि अजून तो रोज बसतोच असं नाही. दोन निषादांमधून धैवताला स्पर्श करून षड्जावर यायचं, ते तर पुढचंच. दादाचा नायक मात्र एका रात्रीत पोथी वाचून ढग ओढून आणतो. ग्वाल्हेर घराण्याच्या हद्दू-हस्सू खाँ या भावांनी पडद्याआड बसून महिनोन्महिने बडे मोहम्मद खाँ या गवयाची तान ऐकली, असं आपल्याच गावात सांगतात ना? मग त्या गावात बसून हे असं लिहायचं?

मुरारकर
काका, आराखडा माझा, पण कल्पना गावाचीच आहे. आपल्या हजिऱ्याला तानसेनाच्या समाधीजवळच्या चिंचेची पानं चघळली की गळा गोड होतो, हे तुम्हीच मला लहानपणी सांगितलंत. त्याच्या गावचं, बेहटचं, शंकराचं देऊळ त्याच्या गाण्यानं कललं म्हणतात. तेव्हा कुणी विचारलं का, रियाज किती वर्षांचा?

जनकगंजकर
दीपकाची गोष्ट पुरी सांग. तानसेनानं दीपक गायला, दिवे लागले, पण त्याचं अंगही होरपळलं. तो दाह शमवायला गुजरातेतल्या वडनगरच्या ताना-रीरी या बहिणींना मल्हार गावा लागला. दंतकथेनंसुद्धा गवयाकडून किंमत वसूल केली. तुझ्या संप्रदायात किंमत कोण मोजतं?

दौलतगंजची मावशी
२००२ चा जुलै आठवतोय का कुणाला? आमच्याकडे दर आषाढात बैठक व्हायची. त्या वर्षी आकाश पांढरंफटक. बाबांनी अडीच तास मल्हार गायला, आधी गौड, मग मियाँ. थेंब पडला नाही. शेजारच्या काकांनी उठताना विचारलं, “मग उपयोग काय झाला?” बाबा काही बोलले नाहीत, तंबोरा गवसणीत घातला. त्या दिवसाइतका चांगला मल्हार मी त्यांच्याकडून पुन्हा ऐकला नाही. पाऊस पाडणाऱ्या गवयांच्या गोष्टी वाचल्या की मला त्या काकांचा प्रश्न ऐकू येतो.

दालबाजार
मूळ दुखणं वेगळंच आहे आणि त्यावर कुणी बोलत नाही. आराखड्यात संप्रदायाचा गुरू पेटी घेऊन मल्हार शिकवतो. पेटीवर आंदोलित गंधार निघतच नाही, पट्टी दाबली की सूर जागचा हलत नाही. आकाशवाणीनं १९४० मध्ये पेटी बंद केली ती उगाच नाही. मुलांचे कान या पेटीनंच बिघडवले.

शिंदे छावणी
पुन्हा पेटी! अहो, भैया गणपतराव कुठले? जयाजीराव शिंद्यांचे चिरंजीव, आपल्याच ग्वाल्हेरचे. त्यांच्या पेटीवर ठुमरी ऐकून भले भले गवई गप्प व्हायचे. आणि आकाशवाणीनं तीसेक वर्षांनी पेटी परत घेतलीच, तेही सांगा. अर्धी गोष्ट सांगायची सवय सोडा.

दालबाजार
ठुमरी आणि मल्हार एक नाही. सारंगीवाले उपाशी मेले ते या पेटीमुळे.

शिंदे छावणी
माझ्या आईला सासरी तंबोरा जुळवायला कुणी शिकवलं नाही. दुपारी भांडी आवरून ती पेटीवरच गायची. तिचे कान बिघडले होते असं म्हणायचं असेल तर समोर येऊन म्हणा.

दालबाजार
आईबद्दल मी काही म्हटलेलं नाही. ते शब्द मागे घेतो. गंधाराबद्दलचे घेत नाही.

जनकगंजकर
पेटीचा वाद दुसरीकडे न्या. मुळात मल्हार पावसाळ्यात गातात, म्हणून मल्हारानंतर पाऊस पडलेला लोकांना दिसतो. डिसेंबरात तानसेन समारोहाच्या वेळी मावठा पडला की तीच मंडळी म्हणतात, तानसेन प्रसन्न झाला. त्या रात्री मंचावर कोणता राग चालू होता, ते कुणी पाहत नाही.

मुरारकर
काका, मला पाऊस कसा पडतो हे शिकवायचं नाहीये. दुष्काळात गवयाकडे आशेनं बघणारी माणसं मला लिहायची आहेत. कल्पित गोष्टीत एवढी मोकळीक तरी द्याल की नाही? तुम्ही सगळं गुरुकुलाच्या दारातच अडवता. म्हणून तर आमच्या वयाची मुलं बैठकीला येत नाहीत.

जनकगंजकर
बैठकीला न येण्याचं कारण मी नाही. पण आशेनं बघणारी माणसं… ते आराखड्यात कुठे होतं? तिथे फक्त ढग आणि धान्य होतं. ते असेल तर लिही. एका रात्रीत शिकणारा पोरगा मात्र मला मान्य नाही, आजही नाही, उद्याही नाही.

मुरारकर
पोरगा काढतो. मावशी, तुमच्या बाबांची ती बैठक घेऊ का? नाव घालणार नाही. संप्रदायातला सगळ्यात मोठा गवई गातो, पाऊस पडत नाही, आणि खाली धान्य घेऊन आलेली माणसं तशीच बसून राहतात.

दौलतगंजची मावशी
घे. गवसणीचा रंग निळा होता, तो बदलू नकोस.