सतरा वर्षांच्या पोरांनी डोंगरउतारावर सायकल पळवावी का? (परतवाड्याहून)

घाटपायथा (धागा यांचा)

राजेहो, मागच्या आठवड्यात दुकानात वाद झाला. तो डोक्यातून जात नाही, म्हणून इथं मांडतो.

चिखलदऱ्याच्या घाटाखाली, परतवाड्यात माझं सायकल दुरुस्तीचं दुकान आहे. संध्याकाळी शाळा-कॉलेजातले पोट्टे जमतात आणि मोबाईलवर डाऊनहिलच्या, म्हणजे डोंगरावरून सायकल खाली पळवायच्या, शर्यती लावतात. त्या दिवशी २०२३ च्या जागतिक स्पर्धेतली ज्युनिअर शर्यत लावली होती, स्कॉटलंडच्या फोर्ट विल्यमची. मुलींत न्यूझीलंडची एरिस व्हॅन ल्यूवेन जिंकली, मुलांत जर्मनीचा हेन्री कीफर. एक पालक पंक्चरसाठी थांबले होते. त्यांनी दोन मिनिटं पाहिलं आणि म्हणाले, "हा काय खेळ आहे? लेकरं मरायले सोडली." पोराच्या हातून फोन घेतला आणि निघून गेले.

मला त्यांचा राग नाही आला. पण मला त्यांना एक सांगायचं होतं, ते राहून गेलं. ही शर्यत म्हणजे उतार उतरायची विद्या आहे. आणि ती विद्या तिकडच्या पोरांपेक्षा आपल्या पोरांना जास्त लागते.

ज्युनिअर म्हणजे ज्या वर्षात सतरा किंवा अठरा पूर्ण होतात ती मुलं. मोठ्यांचाच रस्ता त्यांनाही उतरायचा असतो. एकेकानं सुटायचं, घड्याळाशी शर्यत, साधारण दोन ते पाच मिनिटांचा खेळ. व्हिडिओत आपल्याला तेवढंच दिसतं. त्याच्या आधी ही मुलं तो सगळा डोंगर पायी चालतात. दगडापाशी उभं राहून ठरवतात की ब्रेक कुठं धरायचा, कुठं सोडायचा. मग सराव. हनुवटीपर्यंत झाकणारं हेल्मेट सरावातही सक्तीचं. वाटेवर जागोजागी माणसं उभी असतात, कोणी पडला की मागच्याला पिवळा झेंडा दाखवतात.

आता आपल्याकडचं ऐका. पावसाळ्यात वरच्या पाड्यावरचा एक गवळ्याचा पोरगा सायकल घेऊन आला. मागच्या ब्रेकचे गट्टे संपून लोखंड रिमला घासत होतं, पुढच्याची तर वायरच तुटलेली. म्हटलं, बावा, घाट कसा उतरला तू? त्यानं उजव्या पायातली चप्पल काढून माझ्या हातात दिली. टाचेखालच्या रबराला टायरच्या रुंदीची पन्हाळ पडली होती, बोट बसेल एवढी खोल. जळक्या रबराचा वास येत होता. चप्पल मागच्या चाकावर दाबत दाबत तो सगळा घाट उतरला होता, आणि कॅरियरला दुधाची कॅन.

डोकं उघडं आणि शिकवणारं कोणी नाही. हे आपल्याला चालतं, आणि ती शर्यत मात्र डोळ्यांत खुपते. मला हे पटत नाही. तुमचं काय म्हणणं?

वॉर्डातली_ताई

भाऊ, मी ग्रामीण रुग्णालयात नर्स आहे. तुमची कळकळ समजते, पण तुमच्या विरोधात बोलणार आहे.

तुमच्या सगळ्या वर्णनात एक गोष्ट सुटली. तिकडं पोरगा पडला तर डॉक्टर डोंगरावरच असतो. आपल्याकडं पडला तर पहिल्यांदा त्याला कोणीतरी मोटारसायकलवर मधे बसवतं. मानेला मार आहे का, कोणी बघत नाही. दोघांच्या मधे दाबून, मान लटकत, घाटाच्या प्रत्येक वळणावर हिसके खात तो येतो. चिखलदऱ्याहून अमरावती ऐंशी किलोमीटरच्या घरात आहे आणि डोक्याच्या माराला खरा इलाज तिथंच किंवा नागपूरला. मी अशा एका पोराचा हात धरून रुग्णवाहिकेत बसले आहे. परतवाडा ओलांडेपर्यंत तो माझ्याशी बोलत होता, पुढं बोलला नाही. तो वाचला, पण त्याची बारावी राहिली ती राहिलीच.

चप्पल घासणं वाईट, हे मान्य. त्यावर उपाय ब्रेकचे गट्टे. शर्यत कशाला?

कास्तकार_दर्यापूर

ताईंशी सहमत, माझं कारण वेगळं. डाऊनहिलची खरी सायकल काही लाखांना पडते. पुढचं चाक धरणारा चिमटा दुहेरी पट्टीचा, दोन्ही चाकांना वीतभर दबणारे शॉकअप. एवढ्यात माझ्या शेतात ठिबक होते. कापसाचा भाव काय मिळतो ते सगळ्यांना माहीत आहे. पोराच्या डोक्यात हे भरवायचं आणि मग म्हणायचं, बाप्पा, आपल्याच्यानं होत नाही! त्यापेक्षा कबड्डी बरी, मैदान आखायला चुना पुरतो.

क्रीडाशिक्षक_अमरावती

मी सायकलिंगच्या बाजूनं आहे, डाऊनहिलच्या नाही. डाऊनहिल ऑलिंपिकमध्ये नाही. माउंटन बाइकची क्रॉस-कंट्री, म्हणजे चढ-उतार दोन्ही असलेली शर्यत, १९९६ च्या अटलांटापासून आहे. आपल्या भागातल्या मुलाला खेळातून पुढं नोकरी हवी असते, दहावी-बारावीला क्रीडागुण हवे असतात. ऑलिंपिकमधल्या खेळाला शाळाही किंमत देते आणि पालकही. मेळघाटातल्या कोरकू मुलांची दमछाक होत नाही, चढ त्यांच्या पायात आहे. ज्या खेळात चढ चढायचा असतो तो त्यांना द्या.

भारतात काहीच होत नाही असं मात्र नाही. २०२३ साली केरळात पोनमुडीच्या डोंगरावर आशियाई माउंटन बाइक स्पर्धा झाली.

घाटपायथा

सर, चढ चढला की उतरावं लागतंच. क्रॉस-कंट्रीतही निम्मा खेळ उतरण्याचा आहे. टोकियोच्या ऑलिंपिकमध्ये मॅथ्यू व्हॅन डर पूल सारखा कसलेला गडी एका खडकावरून खाली उतरताना तोंडावर पडला. सरावात तिथं फळी लावलेली होती, शर्यतीत काढली होती, आणि त्याला वाटलं अजून आहे. पायात एवढी ताकद असून काय उपयोग झाला?

उतरायचं तंत्र कोणत्याही सायकलवर शिकवता येतं. काकांना हेच सांगतो, त्यासाठी लाखाची सायकल लागत नाही. सीटवरून उठा, वजन दोन्ही पायांवर सारखं, टाचा खाली. ब्रेकवर एक-दोन बोटं, बाकीची मुठीला. वळणाच्या आधी वेग कमी करा, वळणात ब्रेक दाबू नका. नजर चाकापुढं नको, दहा-पंधरा हात पुढं. आमचे पोट्टे नेमकं उलटं करतात. वळणात घाबरतात, पुढचा ब्रेक करकचून दाबतात आणि हँडलवरून जातात.

ताई, तुमचं म्हणणं लागलं. मोटारसायकलवर मधे बसवून आणायची गोष्ट मी स्वतः केली आहे, आठ वर्षांपूर्वी. मान धरायची असते हे तेव्हा माहीतच नव्हतं.

गाविलगडचा_वाटसरू

मी वनखात्यात होतो, आता निवृत्त. सगळे पोरांबद्दल बोलता, डोंगराबद्दल कोणी बोलत नाही. मेळघाट हा १९७३-७४ मध्ये देशात सुरू झालेल्या पहिल्या नऊ व्याघ्र प्रकल्पांपैकी एक. आज एका पोरानं वाट पाडली की उद्या तिथून पन्नास सायकली उतरतील. मग पुण्या-मुंबईची मंडळी गाड्या घेऊन येतील. पावसाळ्यात त्या वाटेचा नाला होतो. उतारावर सरळ पाडलेली वाट म्हणजे पाण्याला दिलेलं आमंत्रण, दोन पावसाळ्यांत खालचा दगड उघडा पडतो. अस्वल पहाटे महुआखाली असतं, त्याला सायकलची घंटा कळत नाही.

जंगलात नको. कितीही चांगल्या कामासाठी असो, नको.

घाटपायथा

साहेब, जंगलात मीही म्हणत नाही. पायथ्याच्या मुरमाड उतारावर, कोणाच्या मालकीच्या पडीत जमिनीवर, दोनशे-तीनशे मीटरची वाट पुरते. वाट आडवी-तिरपी काढायची, दर वळणाआधी पाणी बाजूला काढायला चर. काळ्या मातीत नाही, तिथं पावसाळ्यात चाकच फिरत नाही.

कास्तकार_दर्यापूर

आणि ती पडीत जमीन देणार कोण? पडला कोणी तर केस जमीनमालकावर.

वॉर्डातली_ताई

घाटपायथा भाऊ, तुम्ही नावं दिली म्हणून मी मुलाला शोधायला लावलं. ऑस्ट्रियाची व्हाली हॉल ही मुलगी २०१८ आणि २०१९ ला ज्युनिअर जगज्जेती. २०२० ला तिच्याच देशात लिओगांगला जागतिक स्पर्धा, मोठ्यांमधली तिची पहिली, आणि सरावात पडून घोट्याला मार. शर्यतीला उतरलीच नाही. कॅनडाचा जॅक्सन गोल्डस्टोन २०२१ चा ज्युनिअर जगज्जेता, त्याचा २०२४ चा हंगाम गुडघ्याच्या दुखापतीत गेला. जगातली सगळ्यात चांगली पोरं ही. सगळी साधनं, सगळे डॉक्टर, आणि तरी हे. मग आपल्या पोराचं काय होईल?

घाटपायथा

ताई, दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. पण हॉलचं पुढचंही सांगा. २०२२ ला फ्रान्समध्ये ले जे इथं ती मोठ्यांची जगज्जेती झाली, २०२३ ला आणि २०२४ लाही तीच. घोटा बरा करून, वेळ घेऊन परत आली. ज्युनिअर गटात जिंकलेले सगळे मोडून पडत नाहीत. ऑस्ट्रेलियाचा सॅम हिल २००२ आणि २००३ ला ज्युनिअर जिंकला, मग २००६, २००७ आणि २०१० ला मोठ्यांत. फ्रान्सचा लोइक ब्रुनी २०१२ चा ज्युनिअर, नंतर मोठ्यांची पाच जगज्जेतेपदं. लहानपणी नीट शिकलं की शरीर टिकतं, असं मला यातून दिसतं.

वॉर्डातली_ताई

तुम्हाला टिकलेले दिसतात, मला न टिकलेले. माझ्या वॉर्डात टिकलेले येत नाहीत. या बाबतीत आपलं जुळणार नाही भाऊ.

सेमाडोहकडची_पोट्टी

मी अकरावीत आहे. सगळे मोठे बोलून राहिले, म्हणून मी पण लिहिते. चुकलं तर माफ करा.

मला सरकारच्या मानव विकास योजनेतली सायकल मिळाली आहे, लेडीज. शाळेत जाताना एक उतार लागतो, डाव्या बाजूला दरी. पोरं तिथं हात सोडून जातात आणि आम्ही पोरी उतरून सायकल हातात धरून चालतो. आठवीपासून. पोरगी पडली तर लग्नाचं कसं, असं आई म्हणते. पोराला असं कोणी म्हणत नाही. त्यामुळं रोज वीस मिनिटं उशीर होतो आणि पहिला तास बुडतो. पहिला तास गणिताचा आहे.

मला शर्यत नाही लावायची. मला तो उतार सायकलवरून उतरायचा आहे. घाटपायथा काका म्हणतात ते टाच खाली करायचं मी काल करून पाहिलं. अर्ध्यापर्यंत गेले. मग घाबरून उतरले.

क्रीडाशिक्षक_अमरावती

बेटा, अर्ध्यापर्यंत गेलीस हे फार मोठं आहे. एकटी करू नकोस मात्र. खाली कोणीतरी उभं असू दे.

वॉर्डातली_ताई

बाळा, तुझं वाचून थांबले. माझी मुलगी तुझ्याच वयाची आहे, तीही उतरूनच चालते. मीच सांगितलं होतं तिला.

भाऊ, शर्यतीला माझा विरोध आहे आणि राहील. पण या पोरींना ब्रेक मारायला शिकवणार असाल तर रविवारी दोन तास मला सुटी असते. मानेला मार लागलेल्याला कसं उचलायचं ते मी तुमच्या पोट्ट्यांना दाखवते. एक लाकडी फळी आणि चार ओढण्या लागतील. ते आधी, सायकल नंतर.

कास्तकार_दर्यापूर

गट्ट्यांची जोडी केवढ्याला येते सध्या? पोराच्या सायकलला घालायची आहे.

घाटपायथा

काका, सायकल घेऊनच या. गट्टे घालून देतो, पण आधी रिम पाहू द्या. रिम आऊट, म्हणजे वाकडी, असेल तर नवे गट्टेही महिन्यात जातील.

ताई, फळी दुकानात आहे. रविवारी सकाळी आठ वाजता, उन्हं चढायच्या आत.

सेमाडोहकडची_पोट्टी

काका, माझ्या सायकलचा पुढचा ब्रेक दाबला की हँडल डावीकडं ओढतं. आणू का रविवारी? बाबा दुधाच्या गाडीत टाकून देतील म्हणाले.

घाटपायथा

आण बेटा. चिमटा वाकला असेल, सरळ करून देतो. आणि चप्पल नको, बूट घालून ये.