उत्तर: उडीसाठी ट्रॅम्पोलीन कशाला?

फॅशन फोटोसाठी मॉडेलने जमिनीवरून उडी मारली तरी फोटो येतोच, मग ट्रॅम्पोलीन (स्प्रिंगांवर ताणलेली, उसळी देणारी चौकट) कशाला, असं विचारलंय. येतो, पण चेहऱ्यावर जोर दिसतो: जबडा आवळलेला, खांदे वर चढलेले. ट्रॅम्पोलीनवर उचलण्याचं काम स्प्रिंगा करतात, त्यामुळे मॉडेलला हातांकडे, नजरेकडे लक्ष देता येतं. शिवाय वेळ मिळतो. ३० सेंटिमीटर उडीत माणूस जेमतेम अर्धा सेकंद हवेत असतो, १२० सेंटिमीटरला जवळपास एक सेकंद.

माझ्या मते खरी गंमत कापडाची आहे. वर जाताना कपड्याचा घेर अंगाला चिकटतो. सर्वोच्च बिंदू ओलांडून शरीर खाली येऊ लागलं की तो फुलतो. शिफॉन असेल तर क्लिक तेव्हाच करा. स्टुडिओत हालचाल शटरपेक्षा फ्लॅश गोठवतो, म्हणून फ्लॅशचा कालावधी कमी ठेवा. टाचांचे बूट मात्र अजिबात नकोत, आणि भोवती गाद्या हव्यातच.

अर्थात, ट्रॅम्पोलीन म्हणजे सर्वस्व नाही. छायाचित्रकार मार्टिन मुंकाची यांनी १९३३ मध्ये ‘हार्पर्स बझार’ या फॅशन मासिकासाठी समुद्रकिनाऱ्यावर मॉडेलला नुसतं धावायला लावलं होतं. छायाचित्रकार रिचर्ड अॅव्हेडन यांनी १९५७ मध्ये पॅरिसच्या रस्त्यावर कारमेन या मॉडेलची झेप टिपली, तीही मुंकाचींनाच मानवंदना म्हणून. ती दोन छायाचित्रं शेजारी ठेवून बघाच.