उणे चिन्ह बरोबरच आहे

कर्जाच्या हप्त्याचं उत्तर उणे येतं म्हणून आपला फायनान्शियल कॅल्क्युलेटर (कर्ज-व्याजाचे हिशेब करणारा) बिघडलाय का, असं एकाने विचारलंय. बिघडलेला नाही. हातात आलेला पैसा अधिक, खिशातून गेलेला उणे, एवढीच त्याची भाषा. कर्जाची रक्कम पीव्ही या बटणात (आजची रक्कम) अधिक टाकली, तर हप्ता उणेच येणार.

माझ्याकडे असाच जुना एचपी १२सी कॅल्क्युलेटर आहे. १९८१ साली बाजारात आलेलं मॉडेल, त्याला '=' चं बटणच नाही! सवय व्हायला आठवडा गेला. आमचे अमळनेरचे नाना तर बघूनच म्हणाले, "हाई मशीन खराब शे का रे भाऊ?"

पण त्याच नानांच्या ट्रॅक्टरच्या कर्जाचा हिशेब त्यावर केला. पाच लाख, पाच वर्षं, "फक्त १२ टक्के फ्लॅट" (म्हणजे शेवटपर्यंत पूर्ण पाच लाखांवर व्याज), महिन्याचा हप्ता १३,३३३. एनमध्ये (हप्त्यांची संख्या) ६०, पीव्हीत ५,००,०००, पीएमटीत (हप्ता) १३,३३३ उणे करून, आणि आय (व्याजदर) दाबला. थोडा वेळ 'रनिंग' दाखवून १.६९ आलं. महिन्याचा दर तो! बाराने गुणा, वीस टक्क्यांच्या वर. खरोखर १२ टक्क्यांनी, घटत्या शिल्लकेवर, हप्ता ११,१२२ च बसतो. नाना बराच वेळ पडद्याकडेच बघत होते. कपाशीचे पैसे आल्यावर वर्षाला एकच हप्ता भरणार असाल तर एन ५ आणि आयमध्ये वर्षाचा दर टाकायचा.

नवं गणित मांडताना आधी एफ आणि मग फिन लिहिलेलं बटण दाबून जुने आकडे पुसा. आणि पडद्यावर 'बिगिन' (म्हणजे हप्ता महिन्याच्या सुरुवातीला) दिसत असेल तर जी आणि मग ८ दाबा, म्हणजे हप्ता महिन्याअखेरचा धरला जाईल. नाहीतर ११,१२२ ऐवजी ११,०१२ येईल, आणि चूक शोधत बसाल.