मदत हवी आहे: आईसाठी वेगळी पुस्तकं सुचवा

नमस्कार मंडळी. आई आपल्या सावानाची, म्हणजे नाशिकच्या १८४० सालापासूनच्या सार्वजनिक वाचनालयाची, जुनी सभासद. पण दर वेळी ऐतिहासिक कादंबरीच आणते. परवा निम्मं पुस्तक वाचून झाल्यावर समासात तिचीच जुनी पेन्सिलची खूण सापडली. फार हिरमुसली.

तिला आता नवं काहीतरी द्यायचंय. कथासंग्रह, बायकांची आत्मचरित्रं, प्रवासवर्णनं, काहीही चालेल. नांदूर मध्यमेश्वरला फ्लेमिंगो पाहिल्यापासून पक्ष्यांबद्दल सारखी विचारते, त्यावर सोप्या मराठीत काही आहे का? अनुवाद ओघवता हवा. वाक्यं अडखळली की ती पुस्तक मिटून ठेवते. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, त्यामुळे टाइप मोठा असेल तर उत्तम.

मनापासून आवडलेलं एक नाव सांगितलंत तरी पुरे. शनिवारी पुस्तक बदलायला जायचंय.