लग्नात आजोबांना दोन शब्द बोलायचे आहेत, वेळ कोणती ठेवावी?

भाचीचा मामा, सांगली

नमस्कार मंडळी. पुढच्या महिन्यात भाचीचं लग्न आहे. मुहूर्त दुपारी १२ वाजून ४१ मिनिटांचा. कार्यालय आदल्या दिवशी दुपारी चारपासून लग्नाच्या दिवशी पाचपर्यंत आपल्या ताब्यात. पानं सहाशे धरली आहेत. बाकी सगळं मार्गी लागलंय, अडलंय ते भाषणांच्या वेळेपाशी.

व्याही मंडळी तासगाव तालुक्यातली, द्राक्षबागायतदार. त्यांच्याकडे अक्षतांच्या आधी मान्यवरांचे सत्कार होतात आणि आशीर्वादपर भाषणं होतात. यादीत आठ नावं आहेत. ही नुसती पुढारी मंडळी नाहीत. बाग उभी करताना, पाण्याच्या टंचाईत ज्यांनी व्याह्यांना हात दिला, ती माणसं आहेत. त्यांचा मान राहिलाच पाहिजे, हे मलाही मनापासून वाटतं.

आमच्याकडून बोलणारे एकच, माझे वडील. वय ८४, निवृत्त प्राथमिक शिक्षक. भाचीचे वडील ती नववीत असताना गेले. तेव्हापासून तिची शिकवणी, सायकलवरून क्लासला सोडणं, दहावीच्या पेपरला शाळेच्या फाटकाबाहेर बसून राहणं, सगळं अण्णांनी केलं. महिनाभर ते फुलस्केप कागदावर लिहितायत. हात थरथरतो म्हणून अक्षर मोठं काढतात, एका पानावर जेमतेम दहा ओळी बसतात. खुब्याचं ऑपरेशन झाल्यामुळे दहा मिनिटांवर उभं राहवत नाही.

आता अडचण बघा. अक्षतांच्या आधी भाषण ठेवलं तर नवरी आत गौरीहराशी बसलेली. जिच्यासाठी लिहिलंय तीच समोर नाही. अक्षता पडल्या की लोक जेवणाकडे वळतात. आणि पंगतीत भाषण म्हणजे वाढप्यांच्या हाकांत अण्णांचा आवाज कुठे ऐकू येणार?

शिवाय मनात एक धास्ती आहे. दोन वर्षांपूर्वी नात्यातल्या एका लग्नात मुहूर्त ११:५०चा होता. भाषणं लांबली आणि अक्षता पडल्या १२:३५ला. थोरल्या बहिणीला मधुमेह, तिला घाम फुटला. माझ्या मुठीतल्या अक्षता ओल्या होऊन त्यांचं कुंकू तळव्याला लागलं होतं. तो लाल तळवा अजून डोळ्यांसमोर येतो. भाचीच्या लग्नात हे होऊ द्यायचं नाही.

कुणी काही मार्ग काढला असेल तर सांगा.

---

निवेदक, कोल्हापूर

मामा, वीसेक वर्षं लग्नात माईक सांभाळतोय म्हणून सांगतो. मुहूर्तापासून उलटं मोजत या. अंतरपाट १२:४१ला दूर व्हायचा असेल तर मंगलाष्टका १२:३०ला सुरू झाल्या पाहिजेत. नवरा-नवरीला बोहल्यावर आणायला दहा मिनिटं. म्हणजे १२:२०ला माईक भटजींच्या हातात. ही वेळ हलवायची नाही.

एक सत्कार म्हणजे नाव पुकारणं, माणूस व्यासपीठावर येणं, फेटा, शाल, श्रीफळ, फोटो. अडीच मिनिटं जातातच. आठ जणांची वीस मिनिटं झाली. त्यामुळे ११:४५ला सुरुवात करा आणि भाषण सगळ्यांच्या वतीने एकाचंच ठेवा. फेटेवाल्याला दहालाच बोलवून आठही फेटे खालीच बांधून घ्या, तिथे मोठा वेळ वाचतो. श्रीवंदनाला गेलेल्या नवरदेवासाठी थांबू नका. बँडच्या नादात मित्रमंडळी किती वेळ नाचतील याचा भरवसा नसतो.

दोन अनुभवाच्या गोष्टी. माईक स्टँडवर ठेवा, हातात देऊ नका. हातात आला की बोलणं लांबतं. आणि ‘एकच भाषण’ हे मुलीकडच्यांनी सांगू नये. व्याह्यांच्या थोरल्या भावाला विश्वासात घ्या, ते घरोघरी पत्रिका द्यायला जातील तेव्हाच सांगतील. ऐनवेळी चिठ्ठी पाठवून ‘आटपा’ म्हटलं की माणूस दुखावतो.

अण्णांचं भाषण मात्र या गर्दीत घालू नका.

---

भाचीचा मामा, सांगली

दादा, उलट्या हिशेबाने डोळे उघडले. मी सत्काराला एकेक मिनिट धरत होतो. व्याह्यांच्या भावाशी उद्याच बोलतो. अण्णांचा प्रश्न मात्र राहिलाच.

---

पौरोहित्य करतो, वाई

अक्षतांनंतरचा वेळ मोकळा असतो असं पाहुण्यांना वाटतं, पण खरे विधी तिथूनच पुढे असतात. कन्यादान, लाजाहोम, सप्तपदी यांत वधूवर होमापाशी तासाभराहून जास्त वेळ असतात. त्यात मधेच भाषण घालायला मी तरी यजमानांना नकोच म्हणतो. धुराने डोळे चुरचुरत असतात, मुलीने सकाळपासून काही खाल्लेलं नसतं, आणि कुणाचंच लक्ष धड नसतं.

तुमच्याकडे आदल्या संध्याकाळी सीमांतपूजन असणारच. पूर्वी वऱ्हाड गावाच्या शिवेवर आलं की तिथे जावयाची पूजा होई, आता ती कार्यालयातच होते. त्याला जोडूनच बहुतेक ठिकाणी वाङ्निश्चय करतात. वाक् म्हणजे वाणी. दोन्ही घरं एकमेकांना शब्द देतात आणि तो शब्द हाच विधी. तेव्हा मुलगी समोर पाटावर बसलेली असते, दोन्हीकडची जवळची शे-सव्वाशे माणसं असतात आणि मुहूर्ताची घाई नसते. घरातल्या माणसाने मुलीविषयी बोलायची याहून योग्य जागा मला तरी दिसत नाही.

मुलीचे काका-काकू विधीला बसणार असतील तर तो मान त्यांचा, त्यांना बसू द्या. विधी संपला, ओटी भरली, की मुलीला उठवू नका. तिच्यासमोर खुर्ची मांडून अण्णांना बसवा. तुमच्या गुरुजींना आधी सांगून ठेवा, ते तेवढं थांबतील.

---

लेस्टरची काकू

माझ्या मुलीचं लग्न इथल्या इंग्रज मुलाशी झालं. इथे भाषणं जेवणाला बांधलेली असतात. आधी मुलीचे वडील, मग नवरदेव, शेवटी त्याचा जिवलग मित्र, ज्याला बेस्ट मॅन म्हणतात. जुनी रीत जेवणानंतर बोलायची. पण बोलणाऱ्याच्या घशाखाली घास उतरत नाही, म्हणून हल्ली बरेच जण भाषणं जेवणाआधी ठेवतात. आम्हीही तसंच केलं. यजमान इंग्रजीत बोलणार म्हणून आठवडाभर अस्वस्थ होते, बोलून मोकळे झाल्यावर कुठे पोटभर जेवले.

फक्त एक काळजी घेतली. भारतातून आलेली म्हातारी माणसं भुकेली राहू नयेत म्हणून आधी पन्हं आणि छोटे बटाटेवडे फिरवले. पोटात थोडं काही गेलेलं असलं आणि खुर्च्या एका दिशेला असल्या की लोक ऐकतात. तेव्हा सीमांतपूजनाला चहा-नाश्ता आधी, मग विधी, मग अण्णा, आणि त्यानंतर जेवण. अण्णांनाही आधी काहीतरी खायला घाला.

---

सत्यशोधक घरातली सून, पुणे

आमच्या घरी सत्यशोधक पद्धतीने लग्नं होतात. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली सत्यशोधक समाज काढला, त्यांच्या मंगलाष्टकांत वधू आणि वर स्वतः एकमेकांशी बोलतात. मुलीने आपल्या लग्नात तोंड उघडायचं, हे आम्हाला लहानपणापासून माहीत. म्हणून विचारते, मामा, भाचीला विचारलंत का? अण्णांचे शब्द तिला सगळ्यांसमोर ऐकायचेत का, की चार माणसांत? तिला स्वतःला काही बोलायचं असेल का? वरच्या इतक्या बोलण्यात तिचं म्हणणं कुठेच आलं नाही.

---

भाचीचा मामा, सांगली

ताई, तुम्ही म्हणालात ते मनाला लागलं आणि रात्रीच भाचीला फोन केला. मी खरंच विचारलं नव्हतं. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, “मामा, सहाशे माणसांत मला रडायचं नाहीये. सीमांतपूजनालाच ठेवा. आणि अण्णांचं झालं की मलाही बोलायचंय.” तिच्या वडिलांबद्दल तिला अण्णांशी काही बोलायचं आहे, ते आजवर राहून गेलंय. काय ते मी विचारलं नाही.

तर ठरलं असं. सीमांतपूजनाला साडेपाचला चहा आणि कांदेपोहे, सहाला विधी, विधी झाला की आधी अण्णा, मग भाची. त्यानंतर जेवण. दुसऱ्या दिवशी ११:४५ला सत्कार, एकच भाषण, १२:२०ला माईक गुरुजींकडे. व्याह्यांच्या भावाने लगेच मान्य केलं. म्हणाले, आमच्याकडच्या बायकाही दरवर्षी हेच सांगतात. बोलायला त्यांनी निवडले ते गावातले सर्वांत वयस्कर बागायतदार, ज्यांनी व्याह्यांना पहिली रोपं दिली होती.

अण्णांना काल वाचून दाखवायला सांगितलं. मी घड्याळ लावलं होतं. सहा मिनिटं झाली, तीही दोनदा थांबून. त्यातलं एक पान ते गाळायचं म्हणतायत, भाचीचे वडील गेले त्या दिवसाचं. गाळू नका असं मी सांगितलं नाही. ते त्यांचं त्यांनी ठरवावं.

कागद हातात हलतो म्हणून सगळी पानं जाड पुठ्ठ्यावर चिकटवून दिली आहेत. आणि मंडपवाल्याकडे खुर्चीत बसून बोलता येईल असा बुटका माईक स्टँड सांगून ठेवलाय.