कराडची धावपट्टी: वाढवायची, की आहे तेवढीच नीट वापरायची?

प्रीतिसंगम
वारुंजीजवळच्या आपल्या विमानतळाचा विषय परत निघालाय, म्हणून हा धागा काढतोय. ही धावपट्टी १९५० च्या दशकात कोयना धरणाच्या कामासाठी झाली. लांबी साधारण १२८० मीटर. पृथ्वीराज चव्हाण मुख्यमंत्री असताना विस्ताराची योजना पुढे आली आणि वारुंजी, मुंढे, केसे, गोटे या बाजूच्या शेतकऱ्यांनी विरोध सुरू केला. वाद अजून मिटलेला नाही.

माझं मत सरळ सांगतो. विस्तार नको, पण धावपट्टी ओस पडू देणंही चूक. आहे त्या लांबीवर शिकाऊ विमानं उडतात, सहा-आठ माणसांची दोन पंख्यांची विमानं उतरू शकतात, रुग्ण न्यायचं विमान येऊ शकतं. सकाळी फिरायला जातो तेव्हा कुंपणाबाहेर ऊस डोक्याच्या वर गेलेला असतो आणि त्याच्या शेंड्यांवरून चार जणांचं छोटं विमान हळूहळू खाली येतं. चाकं टेकली की टिटव्या ओरडत उडतात. शाळेत जाणारी पोरं सायकली थांबवून बघत राहतात. हा विमानतळ आपल्या गावाच्या मापाचा आहे, तो तसाच राहावा असं मला मनापासून वाटतं.

प्रवासी विमानच हवं असेल तर कोल्हापूर सत्तर किलोमीटरवर आहे. तिथे नवी इमारत २०२४ मध्ये सुरू झाली. सव्वा-दीड तासाच्या अंतरावर दुसरं तसलंच उभं करायला बागायत का मोडायची?

उद्योजक_तासवडे
तुमचा जीव विमानतळावर आहे हे दिसतंय, पण मापाची गोष्ट पटली नाही. माझा कारखाना तासवडे एमआयडीसीत आहे. बाहेरच्या कंपनीचा माणूस पाहणीला यायचा म्हटला की पहिला प्रश्न असतो, विमानाने कुठे उतरायचं? पुणे म्हटलं की पुढे १६० किलोमीटर रस्ता, आणि महामार्गाच्या रुंदीकरणात किती तास जातात ते इथे सगळ्यांना माहीत आहे. माणूस येतो, पण दुसऱ्यांदा येत नाही.

आजवर अडचण होती ती मुंबईची. लहान विमानाला तिथे उतरायची वेळच मिळायची नाही. आता नवी मुंबईचा विमानतळ झालाय, जागा मोकळी होतेय. अशा वेळी आपली धावपट्टी सत्तर आसनी एटीआर विमानाला पुरणार नसेल तर आपण पुन्हा वीस वर्षं मागे. पोरं शिकून पुण्याला जातात आणि तिकडचीच होतात, त्याचं काय करायचं?

मळीचं_रान
माझी जमीन विस्ताराच्या पट्ट्यात येते. मळीची जमीन, बारमाही पाणी. वर्षाला ऊस, मधे भाजीपाला. पाण्याची योजना झाली तेव्हा वडिलांनी कर्ज काढून पाइप टाकले, ते फेडता फेडता त्यांचे केस पांढरे झाले. आता कुठे रान हाताला लागलंय.

२०१३ चा भूसंपादन कायदा मी वकिलाकडे बसून समजून घेतलाय. ग्रामीण भागात बाजारभावाच्या चौपटीपर्यंत मोबदला मिळतो, मान्य. पण त्याच कायद्यात लिहिलंय की एकाहून जास्त पिकं देणारी बागायत जमीन घ्यायची वेळ शेवटचा उपाय म्हणूनच यावी. कोल्हापूर इतकं जवळ असताना हा शेवटचा उपाय कसा? आणि चौपट पैशात तशीच जमीन याच नदीकाठी परत मिळेल का? विकायला कोण बसलंय?

आमच्या आईचं माहेर कोयनेच्या पाण्याखाली गेलं. धरणग्रस्तांच्या पुनर्वसनाचे मोर्चे अजून निघतात, साठ वर्षं होऊन गेली तरी. ज्या धरणासाठी ही धावपट्टी झाली त्याची किंमत आमच्या घरानं एकदा मोजलीय. दुसऱ्यांदा मागू नका.

शिवाय जमीन गेली नाही तरी जाच असतोच. मी घरावर एक मजला चढवायला निघालो तर विमानतळ जवळ आहे म्हणून उंचीचा दाखला आणा म्हणाले. दाखल्यासाठी एका कार्यालयातून दुसऱ्या कार्यालयात, तिथून परत पहिल्याकडे. आठ महिने गेले. थोरल्याचं लग्न खालच्या दोन खोल्यांतच झालं.

वैमानिक_व्हायचंय
मी तळबीडकडची. व्यावसायिक वैमानिकाच्या परवान्यासाठी २०० तास उड्डाण लागतं. खर्च चाळीस-पन्नास लाखांच्या घरात. घरच्यांनी निम्मं कर्ज काढलंय. मी शिकते ते लांबच्या जिल्ह्यात, तिथे राहण्या-जेवणाचा खर्च वेगळा, आणि विमानं कमी-विद्यार्थी जास्त असल्यामुळे कित्येकदा आठवड्याला एकच फेरी नशिबी येते. पाऊस लागला की तीही नाही.

म्हणून सांगते, छोट्या विमानतळाला कमी लेखू नका. मोठ्या विमानतळावर शिकाऊ विमानाला सारखं आकाशात थांबवून ठेवतात, प्रवासी विमान आधी. कराडसारख्या ठिकाणी एका तासात सात-आठ वेळा उतरून परत उडता येतं. हात बसतो तो तसाच. माझ्यासारख्या मुलीला रोज घरून डबा घेऊन शिकायला जाता आलं तर निम्मं ओझं उतरेल.

एकच कमतरता. परवान्यासाठी रात्रीचे पाच तास आणि दहा उतरणी लागतात. धावपट्टीवर दिवे नसले की त्यासाठी दुसरीकडे जावं लागतं.

वेंगुर्ल्याचो
कराडकरांनी आमच्या सिंधुदुर्गातल्या चिपी विमानतळाकडे एकदा बघा. ९ ऑक्टोबर २०२१ ला उद्घाटन झालं, अडीच किलोमीटरची धावपट्टी. आमच्या घरात पेढे वाटले होते. माझा भाऊ गणपतीला मुंबईहून तासाभरात घरी आला तेव्हा आईच्या डोळ्यात पाणी आलं. आणि केंद्राच्या स्वस्त विमानप्रवासाच्या उडान योजनेची तीन वर्षं संपली तशी २०२४ मध्ये ती मुंबईची सेवा बंद झाली. सरकार तिकिटामागे तूट भरतं तोवर विमान येतं.

महालेखापरीक्षकांचा २०२३ चा अहवाल वाचा. उडानच्या तिसऱ्या टप्प्यापर्यंतच्या ७७४ मार्गांपैकी ४०३ सुरूच झाले नाहीत. जे ३७१ सुरू झाले त्यातले ११२ तीन वर्षं पूर्ण करू शकले, आणि त्यापुढे टिकले फक्त ५४. उद्योजक साहेब, धावपट्टी असणं आणि विमान येणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

उद्योजक_तासवडे
आकडे खरे असतील, पण जे टिकले ते का टिकले हेही बघायला हवं. जिथे रोजची वर्दळ आहे तिथे टिकले. कोल्हापूरचं उदाहरण समोर आहे, तिथेही आधी कोणी विश्वास ठेवत नव्हतं. मळीचं रान, तुमच्या आईच्या माहेराबद्दल वाचून वाईट वाटलं. तुमच्या जागी मी असतो तर मीही भांडलो असतो. तरी विचारतो, लांबी थोडी वाढवली, पाच-सहाशे मीटर, तर किती जमीन जाते असं?

निवृत्त_विमानतळवाला
याचं उत्तर मी देतो, नोकरी त्यातच गेली. लोक फक्त डांबराची लांबी मोजतात. जमीन जाते ती रुंदीत. वैमानिक डोळ्यांनी बघून उतरतो अशा लहान धावपट्टीला दोन्ही अंगांना मोकळी पट्टी कमी लागते. पण प्रवासी विमान पावसात, ढगात, उपकरणांच्या भरवशावर उतरवायचं तर धावपट्टीभोवती सुमारे २८० मीटर रुंद पट्टी सपाट आणि रिकामी हवी. एक किलोमीटर लांबीला ती २८ हेक्टर होते, म्हणजे ७० एकर. त्यातही आज जी लांबी आहे तिच्याच दोन्ही बाजूंची शेतं आधी जातील. पाचशे मीटर वाढवलं की पाचशे मीटरचीच जमीन जाते हा गैरसमज आहे. टोकांची सुरक्षा पट्टी, अग्निशमन, इमारत, वाहनतळ वेगळंच.

शिवाय कराड समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या वर. एप्रिल-मेच्या दुपारी हवा विरळ होते, विमान जास्त धावून उठतं. एटीआर भरून उडवायचं तर थोडक्यात भागणार नाही.

रात्रपाळी
मी कराडमध्येच अतिदक्षता विभागात नर्स आहे. दान केलेलं हृदय साधारण चार तासांत दुसऱ्या छातीत बसावं लागतं. भाजलेलं बाळ, डोक्याला मार लागलेला ऊसतोड मजूर, अशांना पुण्या-मुंबईला हलवायचं ठरलं की आम्ही रुग्णवाहिकेत प्राणवायूच्या टाक्या मोजून ठेवतो, कारण घाटात किती वेळ अडकू ते सांगता येत नाही. एकदा खंबाटकीत चाळीस मिनिटं उभे होतो, मी हाताने श्वास देणारा फुगा दाबत होते. बोटं आखडली तरी थांबता येत नाही.

मला सत्तर आसनी विमान नको. रात्री उतरेल असं एक छोटं विमान हवं. दिवे लावा एवढंच मागणं आहे.

प्रीतिसंगम
दिव्यांचा मुद्दा मी लिहिलाच नव्हता, ती माझी चूक. रात्रपाळी ताईंचं आणि त्या मुलीचं म्हणणं एकच येतंय. पण दिव्यांसाठी कुंपणाबाहेरची जमीन लागते का? लागत असेल तर मी परत विचार करीन.

निवृत्त_विमानतळवाला
डोळ्यांनी बघून उतरायचं असेल तर कडेचे दिवे, टोकांचे दिवे आणि उतरण्याचा कोन दाखवणारे लाल-पांढरे दिवे, हे सगळं कुंपणाच्या आत बसतं. शेतातून दिव्यांच्या खांबांची रांग लागते ती उपकरणांवर उतरायच्या धावपट्टीला. बाहेर करावं लागेल ते एवढंच, की आसपासच्या उंच टाक्या, मनोरे यांच्यावर लाल दिवा बसवायचा.

मळीचं_रान
आत लावणार असाल तर माझी हरकत नाही. ताई, तुमचं वाचून रात्री झोप लागली नाही. आमच्या शेजारचा पोरगाही असाच वाटेत गेला होता.

पण तोंडी नको. विस्ताराची योजना रद्द, आणि दिवे आहे त्याच हद्दीत, असं ग्रामसभेत सही-शिक्क्याचा कागद येऊन वाचला पाहिजे. कागद आला की पहिली सही मी करतो.

उद्योजक_तासवडे
योजना कायमची रद्द याला माझी सही मिळणार नाही. दिव्यांसाठी मात्र निवेदन तयार करा, तासवड्यातून सह्या मी गोळा करतो.